मॅडम, सोनं मागितलं तर हावरट दिसेन का?

हा प्रश्न मी इतक्या वेळा ऐकलाय की आता समुपदेशनाला आलेली बाई खुर्चीत बसली, पदराशी चाळा करायला लागली की मला कळतं पुढे काय येणारे. घटस्फोट होऊन वर्ष-दोन वर्षं झालेली असतात, दागिने सासूच्या कपाटात नाहीतर नवऱ्याच्या लॉकरमध्ये, आणि ही म्हणते "जाऊ दे ना मॅडम, मला शांतता हवीय".

तिला आपण सुषमा म्हणू (नाव अर्थातच बदललंय). घटस्फोट एकतर्फी झालेला, ही कोर्टात गेलीच नव्हती, लाजेनं. पहिल्या तीन-चार भेटी नुसतं रडणं, झोप नाही, आणि प्रत्येक वेळी शेवटी तेच, सोनं गेलं तर गेलं. मी कायद्याचं काहीच बोलले नाही. वकिलाकडे पाठवायची घाई आपण करतो आणि बाई नोटिशीवर सही न करताच घरी येते, हा माझा अनुभव.

पाचव्या भेटीला तिला म्हटलं लग्नाचा अल्बम घेऊन ये. नको नको करत आणला. आणि मग काय सांगू, फोटोवर बोट ठेवून बोलायलाच लागली, ही ठुशी आजीची, या पाटल्या आईनं भिशीच्या पैशातून केल्या, मोहनमाळ मामाची, आणि हे मंगळसूत्र सासरचं. तोळ्यासकट पाठ! जिला "काही आठवत नाही" तिला सगळं आठवत होतं.

मी विचारलं, "मैत्रीण गावाला जाताना तुझ्याकडे दागिने ठेवून गेली आणि परत येऊन मागितले, तर तू तिला हावरट म्हणशील?"

"असं कसं? तिचेच आहेत की."

"मग?"

बराच वेळ गप्प. मग हळूच म्हणाली, "पण मॅडम, माझं लग्न टिकलं नाही ना."

इथे माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. ती सोनं सोडत नव्हती, ती दंड भरत होती! लग्न मोडल्याचा दंड, स्वतःच स्वतःला ठोठावलेला. मी विवेकनिष्ठ विचारपद्धती मानणारी, घटनेपेक्षा त्या घटनेबद्दल आपण मनाशी काय बोलतो तेच माणसाला जास्त छळतं असं माझं मत, आणि सुषमानं ते पुन्हा दाखवून दिलं. मी फक्त एवढंच विचारलं, "हा दंड कुणी लावला? कोर्टानं?" तेव्हा ती हसली. पहिल्यांदा.

त्यानंतर कायदा बोलले. मैत्रिणीच्या ठेवीचं उदाहरण मी उगाच दिलं नव्हतं, १९८५ साली प्रतिभा राणी खटल्यात सुप्रीम कोर्टानं साधारण हेच सांगितलंय, स्त्रीधन बाईचंच, सासरच्यांकडे ते सांभाळायला दिलेलं. माहेरचं, सासरचं, नातेवाइकांनी तिला म्हणून दिलेलं, सगळं त्यात येतं. एप्रिल २०२४ मध्ये केरळच्या एका बाईची केस सुप्रीम कोर्टात गेली, ८९ पवन (एक पवन म्हणजे आठ ग्रॅम) सोनं लग्नाच्या रात्रीच नवऱ्यानं "सांभाळायला" म्हणून घेतलं होतं, कोर्टानं तिला २५ लाख द्यायला लावले. आणि अशा वादात फौजदारी खटल्यासारखा काटेकोर पुरावा लागत नाही हेही सांगितलं. म्हणून सराफाच्या पावत्या नाहीत म्हणून हातपाय गाळू नका, लग्नाचे फोटो बाहेर काढा, लग्नाआधी बैठकीत केलेली याद शोधा, बँकेचे स्टेटमेंट काढा, कुणी काय दिलं ते आठवेल तसं लिहा. कौटुंबिक हिंसाचार कायद्यातही (२००५चा) स्त्रीधन परत करायचा आदेश मॅजिस्ट्रेट देऊ शकतात, तुमच्या प्रकरणात कुठला रस्ता धरायचा ते मात्र वकिलाला विचारा, आणि लवकर, मुदतीचे घोळ होतात.

दोन गोष्टी जरा कडू आहेत. परस्पर संमतीच्या कागदावर "आमचं एकमेकांकडे काही येणं-देणं नाही" अशी ओळ असते, ती न वाचता सही केली की पुढे फार जड जातं. आणि नवऱ्याच्या नावावरच्या फ्लॅटचा अर्धा हिस्सा आपोआप मिळतो हा गैरसमज, गोव्यात संपत्ती निम्मी धरायचा कायदा आहे, आपल्याकडे नाही. हप्ते तुमच्या पगारातून गेले असतील तर ते कागदानं दाखवावं लागतं.

सुषमाचे वडील म्हणाले, "मीच करतो केस, पोरीला कशाला त्रास". मी नको म्हटलं. २०२४ मध्येच तेलंगणातल्या एका वडिलांची अशी तक्रार सुप्रीम कोर्टानं रद्द केली, मुलगी सज्ञान आहे, मागायचं तर तिनं मागावं. खरं सांगायचं तर हा निकाल नसता तरी मी हेच म्हटलं असतं!

नोटीस गेल्यावर पाटल्या आणि ठुशी आली, मंगळसूत्र तिनं स्वतःहून नको म्हटलं. मोहनमाळ त्यांनी तारण ठेवलीय म्हणे, त्याच्या तारखा चालू आहेत. सुषमा एकटी आत जाते, वडील गेटबाहेर स्कूटरवर बसून राहतात, मीच त्यांना तसं सांगितलंय.