विरजणाची वाटी

‘एवढ्या मोठ्या शहरात मला एकही माणूस नाही.’ पुण्या-मुंबईत नोकरीसाठी आलेल्या तरुणांकडून हे मी सारखं ऐकते. त्यातलीच ही एक केस, ओळख पटेल असे तपशील बदलून.

मुलगा अठ्ठावीस वर्षांचा, मूळचा उदगीरचा. वाकडला भाड्याचा फ्लॅट, काम घरूनच. तीन ट्रेकिंग ग्रुप आणि दोन जिम करून झालेल्या.

“दर वेळी नवे चेहरे. पुन्हा ‘कुठले तुम्ही?’पासून सुरुवात.”

इथेच बहुतेकांचं चुकतं. कॅन्सस विद्यापीठाच्या जेफ्री हॉल यांनी २०१८ मध्ये मांडलेल्या अंदाजानुसार जुजबी मैत्रीलाही सुमारे ५० तास लागतात, जिवलग व्हायला २०० हून अधिक. आठवड्याला दोन तास धरले तर जुजबी मैत्रीलाच सहा महिने! म्हणून जागा एकच, वेळ तीच, माणसंही तीच हवीत. दर महिन्याला ग्रुप बदलला की तास पुन्हा शून्यावर येतात.

मी गृहपाठ दिला: शेजारी विरजण मागायचं. चार दिवस तो गेलाच नाही.

“काय आड आलं?”

“मागितलं तर लाचार दिसेन.”

“तुमच्याकडे कुणी मागितलं असतं, तर त्याला लाचार म्हणाला असतात?”

तो बराच वेळ गप्प बसला. “नाही. उलट बरं वाटलं असतं.”

केस इथे वळली. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांच्या विचारपद्धतीवर माझा भर आहे, तो अशा क्षणांमुळे. ‘लोकांनी आपणहून विचारलंच पाहिजे, नकार मिळताच कामा नये’ या दोन ‘च’मध्ये माणूस कोंडला जातो. ‘विचारलं तर आवडेल, नाही म्हणाले तर वाईट वाटेल, पण चालेल’ एवढं पटलं की पाय उंबऱ्याबाहेर पडतो.

विरजण मिळालं. वाटी परत द्यायला गेला, तर दोनदा दार उघडलं नाही. “टाळतायत मला.” एकटं पडलेलं मन असंच वाचतं, बंद दारही त्याला नकार वाटतो. त्याला मी आणखी तीन कारणं लिहायला लावली. त्यातलं दुसरं कारण खरं निघालं, शेजारच्या काकू गावाला गेल्या होत्या.

झोप आणि भूक दोन आठवडे उडाली असेल, तर मात्र गृहपाठावर थांबू नका. डॉक्टरांना भेटा, किंवा टेली-मानसच्या १४४१६ वर बोला; ही सरकारी सेवा मोफत आहे.

आता रविवारी सकाळी तो काकांबरोबर मंडईत जातो. डायरीच्या मागच्या पानावर तास मांडतो. परवा आकडा एकोणीस होता.