१ ते १० चा नियम केव्हा मोडावा?

वाचकांचे प्रश्न : वैज्ञानिक मांडणीतली आकडेमोड
(वैज्ञानिक मांडणीत १ ते १० मधली एक संख्या गुणिले १० चा घात असे लिहितात, उदा. ५००० म्हणजे ५ × १०^३. हाच १ ते १० चा नियम. घातासाठी ^ ही खूण वापरली आहे. १०^३ म्हणजे १०००.)

प्रश्न : गुणाकारात घातांक मिळवतात. मग ५.९७२ × १०^२४ आणि ७.३४६ × १०^२२ यांच्या बेरजेत घातांकांचे काय करायचे?

उत्तर : मिळवायचे नाहीत, सारखे करून घ्यायचे. उभ्या बेरजेत एककाखाली एकक आणि दशकाखाली दशक लिहितो, तसेच हे आहे. तुम्ही दिलेले आकडे पृथ्वी आणि चंद्र यांच्या वस्तुमानाचे आहेत, किलोग्रॅममध्ये. लहान घात मोठ्याइतका करा. २२ चे २४ केले, म्हणजे घात २ ने वाढला. तेवढीच घरे दशांश चिन्ह डावीकडे न्या. चंद्र झाला ०.०७३४६ × १०^२४. बेरीज ६.०४५४६ × १०^२४. पृथ्वीचा आकडा दशांश चिन्हापुढे तीनच स्थळांपर्यंत दिला आहे, म्हणून उत्तरही ६.०४५ × १०^२४ इथेच थांबवावे.

चिन्ह चुकून उजवीकडे गेले, तर ७३४.६ × १०^२४ येते आणि चंद्र पृथ्वीहून शंभरपटीपेक्षा जड ठरतो. असा ताळा दर वेळी घ्यावा. ऋण घातांकांत मोठा कोणता, इथेही गफलत होते : −२७ आणि −३१ यांत मोठा −२७.

कधी बेरीज दहाच्या वर जाते. ८.४ × १०^५ आणि ३.७ × १०^५ मिळून १२.१ × १०^५, म्हणजे १.२१ × १०^६. वजाबाकीत मात्र जास्त जपावे लागते. ५.०३ × १०^८ मधून ४.९८ × १०^८ गेले की ०.०५ × १०^८, म्हणजे ५ × १०^६ उरतात. तीन-तीन सार्थ (म्हणजे भरवशाच्या) अंकांतून हाती एकच राहिला! ते ५.०० × १०^६ असे लिहिणे म्हणजे नसलेली अचूकता दाखवणे.

प्रश्न : ६.४ × १०^७ चे वर्गमूळ काढताना ७ चे निम्मे ३.५ येते. पुढे कसे जायचे?

उत्तर : घातांक विषम दिसला की आधी तो सम करा. एक दहा घातातून काढून पुढच्या संख्येला द्या : ६४ × १०^६. वर्गमूळ ८ × १०^३. पहिली संख्या १ ते १० च्या मध्ये हवी, हा नियम शेवटच्या उत्तरासाठी आहे. आकडेमोड चालू असताना तो खुशाल मोडावा. उलट, तो मोडायला शिकवले जात नाही म्हणूनच मुले इथे अडतात. ३.५ चा नुसता ३ करून टाकला, तर २.५३ × १०^३ येते, म्हणजे खऱ्या उत्तराच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी.

ऋण घातांकात दिशा सांभाळा. २.५ × १०^(−५) चे २५ × १०^(−६) होतात, −४ नव्हे, कारण पहिली संख्या दहापट वाढली की घात कमीच व्हायला हवा. वर्गमूळ ५ × १०^(−३). तिथे −४ लिहिले असते, तर उत्तर दहापट मोठे आले असते.

घनमुळासाठी घातांक ३ ने भाग जाणारा हवा. २.७ × १०^(−११) म्हणजे २७ × १०^(−१२). घनमूळ ३ × १०^(−४).

प्रश्न : वर्गमुळाच्या चिन्हाखाली बेरीज असेल, तर दोन्हींची मुळे वेगवेगळी काढून मिळवावीत का?

उत्तर : नाही. ९ × १०^६ + १.६ × १०^७ घ्या. आधी बेरीज : ९ × १०^६ + १६ × १०^६ = २५ × १०^६. वर्गमूळ ५०००. वेगवेगळी मुळे मिळवली तर ३००० + ४००० = ७०००, जे साफ चूक आहे.

प्रश्न : कॅल्क्युलेटरवर उत्तर नेमके दहापट का येते?

उत्तर : बहुधा घाताची कळ (EXP किंवा EE) दाबण्याआधी १० दाबले जात असावे. त्या कळीतच ‘× १०^’ आलेले असते. ५ × १०^२४ साठी ५, मग ती कळ, मग २४. मध्ये ‘× १०’ दाबल्यास यंत्र ५ × १० × १०^२४ असे वाचते.