मिक्स इन्सुलिन आणि ग्लार्जिन यांत फरक काय?

खानापुरात शेतावर राबणाऱ्या आईचं मिक्स इन्सुलिन बदलून बेळगावच्या डॉक्टरांनी ग्लार्जिन का दिलं, असं तुम्ही विचारलंय. नेमकं कारण डॉक्टरच सांगतील, पण फरक मोठा आहे.

30/70 मिक्समध्ये 30 टक्के लवकर काम करणारं आणि 70 टक्के मध्यम पल्ल्याचं इन्सुलिन असतं. जेवणाआधी अर्धा तास, बहुधा दिवसातून दोनदा घेतात. सकाळच्या डोसचा जोर दुपारी असतो. भातलावणीत दुपारची भाकरी लांबली की रक्तातली साखर खाली जाऊन घाम, थरथर सुरू होते. तेव्हा लगेच साखरपाणी द्या. ग्लार्जिन हे लांब पल्ल्याचं इन्सुलिन; रोज ठरलेल्या वेळी एकदाच घेतात आणि ते सुमारे 24 तास सावकाश चालतं. मात्र जेवणानंतर चढणारी साखर ते एकटं आवरत नाही, म्हणून गोळ्या चालू असतील तर मनाने बंद करू नका.

ग्लार्जिन पाण्यासारखं स्वच्छ दिसतं, ते दुसऱ्या इन्सुलिनमध्ये मिसळायचं नाही.

आणि हे कृपया नीट पाहाच: बाटलीवर 40 (म्हणजे एका मिलीलीटरमध्ये 40 युनिट इन्सुलिन) असेल तर सिरिंजही 40 चीच हवी. पेनमधलं बहुधा 100 चं असतं. ते 40 च्या सिरिंजने ओढलं तर त्याच खुणेला अडीचपट डोस जातो.