चांदोलीची एक दिवसाची सहल : वाचकांचे प्रश्न

पावसाळा संपून घाटमाथ्यावरची जंगले पर्यटकांसाठी उघडली की चांदोली राष्ट्रीय उद्यानाविषयी कोकणातून पत्रे येऊ लागतात. त्यांपैकी निवडक पत्रांना येथे उत्तरे दिली आहेत. एकाच आशयाची पत्रे एकत्र केली आहेत.

प्रश्न : आम्ही एका भजनी मंडळातील बारा जणी आहोत. दोघींनी पासष्टी ओलांडली आहे. एका सहल-आयोजकाने पहाटे पाच वाजता निघून विशाळगड, चांदोली धरण, चांदोलीचे जंगल आणि परतताना पन्हाळा असा कार्यक्रम आखून दिला असून रात्री दहापर्यंत घरी सोडण्याची हमी दिली आहे. हे झेपेल का? (रत्नागिरी)

उत्तर : चार ठिकाणे एका दिवसात उरकता येतील, पण त्यात जंगल पाहणे होणार नाही. आयोजकाच्या हमीऐवजी रस्त्याचा हिशेब मांडून पाहा. रत्नागिरीहून पाली, साखरपा करीत आंबा घाट चढायला साधारण दोन तास लागतात आणि महामार्गाच्या रुंदीकरणाचे काम जेथे चालू असेल तेथे त्याहून अधिक लागतात. तेथून मलकापूर, कोकरूड, शेडगेवाडी या मार्गाने उद्यानाच्या प्रवेशद्वाराशी, म्हणजे वारणावतीला पोचेपर्यंत आणखी दोन तास धरावेत. म्हणजे जाऊन-येऊन आठ तास गाडीतच जाणार. विशाळगडाचा फाटा आंब्यापाशी फुटतो खरा, पण गडावर जाऊन येण्यात अर्धा दिवस सहज जातो, आणि पन्हाळा तर कोल्हापूरच्या बाजूला असल्याने परतीची वाट लांबते ती निराळीच. या सगळ्यातून जंगलाच्या वाट्याला फार तर दोन तास उरतील, तेही भर दुपारचे, जेव्हा जनावरे सावलीत बसलेली असतात आणि पाखरेही गप्प असतात.

माझ्या मते विशाळगड आणि पन्हाळा दोन्ही वगळावेत. पहाटे पाचऐवजी चारला निघावे, उजाडता उजाडता आंबा घाट चढून जावा आणि आठच्या सुमारास वारणावतीला पोचावे. तेथे वन खात्याकडे नोंदणी करून, शुल्क भरून, स्थानिक वाटाड्या सोबत घेऊनच आत जाता येते. आतला रस्ता मातीचा आणि दगडगोट्यांचा असून गाडी जेमतेम रांगत चालते, त्यामुळे झोळंबीच्या सड्यापर्यंत, म्हणजे कातळाच्या पठारापर्यंत, जाऊन परत येण्यातच दिवसाचा मोठा भाग जातो, आणि तो तसा गेला पाहिजे. दुपारी दोन-अडीचच्या सुमारास प्रवेशद्वाराबाहेर पडलात तर वसंतसागर जलाशयाच्या काठी थोडे थांबूनही घाट दिवसाउजेडी उतरता येतो. हिवाळ्यात सहाला अंधारते आणि अंधारात आंबा घाट उतरण्याची हौस कोणी करू नये.

पैसे भरण्यापूर्वी आयोजकाला तीन गोष्टी लेखी विचाराव्यात. जंगलात प्रत्यक्ष किती तास मिळणार? वन खात्याचे शुल्क, वाटाड्याचे मानधन आणि आतल्या गाडीचे भाडे त्याने सांगितलेल्या रकमेत धरले आहे का? तुम्ही ज्या वाहनाने जाणार तेच आत सोडले जाणार आहे, की तेथे दुसरे घ्यावे लागणार? या शेवटच्या बाबतीतले नियम बदलत असतात, म्हणून निघण्याच्या आठवड्यात चौकशी करून साप्ताहिक सुट्टीचा वारही विचारून घ्यावा. पावसाळ्यात, साधारणपणे जूनच्या मध्यापासून ऑक्टोबरच्या मध्यापर्यंत, उद्यान पर्यटकांसाठी बंद असते.

पासष्टीच्या भगिनींना आत फारसे चालावे लागत नाही, पण गाडीचे हादरे पाठीला आणि कमरेला जाणवतात. त्यांना मागच्या बाकावर बसवू नये. आत दुकान, हॉटेल किंवा स्वच्छतागृह मिळेल असे गृहीत धरू नये. प्रवेशद्वारापाशी असलेल्या सोयीचा सर्वांनी आधीच उपयोग करून घ्यावा. लाजेपोटी दिवसभर पाणी न पिता राहणाऱ्या भगिनींना दुपारनंतर डोकेदुखीचा आणि चकरेचा त्रास होतो. भाकरी, सुकी चटणी, दशम्या, केळी असे न सांडणारे खाणे घ्यावे आणि ते वाटाड्या सांगेल तेथेच बसून खावे. भजने मात्र येताना, घाट उतरल्यावर म्हणावीत.

प्रश्न : नकाशात हे उद्यान आमच्या संगमेश्वर तालुक्याला अगदी खेटून दिसते. शृंगारपूरहून प्रचितगड समोर उभा असतो. मग सव्वाशे-दीडशे किलोमीटरचा वळसा कशाला? येथूनच वर चढून उद्यानात का जाता येऊ नये? (देवरूख)

उत्तर : आपले निरीक्षण बरोबर आहे. उद्यानाची पश्चिम कड म्हणजेच सह्याद्रीची धार, आणि त्या धारेखाली आपला तालुका. पण कोकणाच्या बाजूने ही धार कड्यासारखी तुटलेली आहे, तर देशाच्या बाजूला डोंगर पायऱ्या-पायऱ्यांनी उतरत जातात. म्हणून गाड्यांचे रस्ते, धरण आणि पर्यटकांचे प्रवेशद्वार सगळे पलीकडे झाले. पाण्यालाही हाच नियम लागू आहे. प्रचितगडाच्या परिसरात उगम पावणारी शास्त्री नदी संगमेश्वरावरून जयगडच्या खाडीत अरबी समुद्राला मिळते. त्याच धारेच्या पूर्वेला पडलेला पाऊस वारणेत उतरतो, चांदोलीच्या धरणात अडतो आणि पुढे सांगलीजवळ हरिपूरला कृष्णेत मिळून बंगालच्या उपसागरापर्यंत जातो.

शृंगारपूरहून प्रचितगडाची चढाई पूर्वापार होत आली आहे. शिवाजी महाराजांनी १६६१ मध्ये सुर्व्यांकडून शृंगारपूर घेतले आणि महाराणी येसूबाईंचे माहेर शिर्के घराणे तेथलेच, त्यामुळे या वाटेविषयी आपल्याकडे जिव्हाळा आहे. पण वाट खड्या चढणीची आहे, वरच्या टप्प्यावर शिडी आहे आणि घसाऱ्यावर पाय ठरत नाही. ती सराईत दुर्गयात्रींची वाट आहे, सहलीची नव्हे. शिवाय गड राष्ट्रीय उद्यानाच्या हद्दीत येत असल्याने वन खात्याची परवानगी न घेता जाणे हा १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार गुन्हा ठरतो. ‘आमच्या आजोबांच्या पायाखालची वाट’ हे सांगून त्यातून सुटका होत नाही. गडच पाहायचा असेल तर परवानगी काढून, गावातला माहीतगार सोबत घेऊन, केवळ गडासाठी एक अख्खा दिवस द्यावा. गडावरून तसेच पुढे चालत जाऊन उद्यान पाहून येऊ, हा बेत मनातून काढून टाकावा.

प्रश्न : वाघ दिसेल का? (तीन-चार पत्रांत हाच प्रश्न आहे.)

उत्तर : दिसणार नाही असे समजूनच जावे. चांदोलीला १९८५ मध्ये अभयारण्याचा आणि २००४ मध्ये राष्ट्रीय उद्यानाचा दर्जा मिळाला, २०१० पासून ते कोयना अभयारण्यासह सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात आहे, आणि डिसेंबर २०२३ मध्ये येथील कॅमेऱ्यात वाघाचे छायाचित्रही मिळाले. परंतु सुमारे ३१७ चौरस किलोमीटरच्या दाट, डोंगराळ रानात वाघ मोजकेच आहेत. ताडोबासारखी येथे पाणवठ्यावर गाड्यांची रांग लागून वाघ दिसत नाही. वाघाची खात्री देणारा आयोजक टाळावा.

प्रश्न : मागील वर्षी आम्ही महाविद्यालयीन मित्र चांदोलीला गेलो होतो. वाटाड्या दिवसभर फारसे बोललाच नाही आणि आम्हांला गव्यांच्या एका कळपाखेरीज काही दिसले नाही. सक्तीने वाटाड्या घेण्याचा उपयोग काय? (चिपळूण)

उत्तर : गव्यांचा कळप दिसला, हे थोडके नव्हे. वाटाड्या बोलत नव्हता, याचे कारण बहुधा आपण काही विचारत नव्हता किंवा सगळेच एकदम बोलत होता. गाडीत आवाज असेल तर त्यालाही रानाचा कानोसा घेता येत नाही. काही वाटाडे मुळात कामाला कंटाळलेले असतात, हेही मी नाकारत नाही.

हे वाटाडे बहुतेक जंगलाच्या कडेच्या गावांतले असतात. धरण, अभयारण्य आणि पुढे राष्ट्रीय उद्यान यांमुळे आतल्या अनेक गावांचे पुनर्वसन झाले. आज जंगलात मध्येच जे मोकळे गवताळ माळ लागतात, त्यांतले बरेचसे त्या गावांची जुनी शेते आहेत. नीट पाहिले तर गवतात बांधाची दगडी ओळ दिसते, जोत्याचे चिरे दिसतात, लावलेला आंबा किंवा फणस उभा असतो. सांबर आणि गवे चरायला येतात ते याच माळांवर, म्हणजे ज्या जमिनीतून एके काळी राखण करून त्यांना हाकलले जाई त्याच जमिनीत. वाटाड्याला ‘येथे कोणते गाव होते?’ एवढे विचारून पाहा. वाघाविषयी दोन वाक्यांत उत्तर देणारा माणूस गावाविषयी अर्धा तास बोलेल.

दुसरे म्हणजे, जनावरापेक्षा त्याच्या खुणा दाखवायला सांगा. गव्याचे शेण आपल्या म्हशीच्या पोवासारखेच दिसते, पण त्याची ताजी साल ओली चकाकते की वर कवच धरले आहे, यावरून कळप किती वेळापूर्वी गेला हे सांगता येते. सांबर झाडाच्या सालीवर शिंगे घासते. त्या घाशीची उंची आपल्या छातीपर्यंत येते आणि खाली सालीचा भुगा पडलेला असतो. भेकर कुत्र्यासारखे भुंकते, आणि ते एकाच जागी पुनःपुन्हा भुंकत राहिले तर वाटाडे गाडी थांबवतात, कारण जवळपास बिबट्या असण्याची शक्यता असते. वर फांद्यांच्या बेचक्यात काटक्या-पानांचा मोठा गोळा दिसला तर ते शेकरूचे घरटे. एकच शेकरू अशी अनेक घरटी बांधते, त्यामुळे प्रत्येक घरट्याखाली मान मोडेपर्यंत थांबण्यात अर्थ नाही.

झोळंबीच्या सड्यावर मात्र घाई करू नये. आपल्या किनाऱ्यावरच्या सड्यासारखाच तो जांभ्याचा कातळ आहे. पाऊस उघडल्यावर काही दिवस खोलगट जागी पाणी आणि काठाने बारीक रानफुले राहतात, डिसेंबरपर्यंत सारे गवत पिवळे पडते. तेथून जलाशयाचे फाटे आणि त्यांत शिरलेल्या डोंगरसोंडा एका नजरेत येतात. पश्चिम घाटातील जी स्थळे २०१२ मध्ये जागतिक वारसा यादीत गेली त्यांत कास, कोयना आणि राधानगरी यांच्यासह चांदोलीही आहे, आणि ती का, याचे उत्तर मला तरी वाघाच्या माहितीपेक्षा या सड्यावर अधिक चांगले मिळते.

प्रश्न : आईला घाटात गाडी लागते आणि वडिलांना वर हवा विरळ असेल अशी भीती वाटते. काय काळजी घ्यावी? (गुहागर)

उत्तर : वडिलांना निश्चिंत करावे. उद्यानाची उंची साधारण सहाशे ते हजार मीटर आहे. एवढ्या उंचीवर निरोगी माणसाला श्वासाचा त्रास होत नाही. हृदयाचा किंवा दम्याचा आजार असेल तर डॉक्टरांना विचारून जावे. त्रास होतो तो थंडीचा. किनाऱ्यावर पंखा लावून झोपणाऱ्यांना डिसेंबरच्या पहाटे उघड्या गाडीत बोचरा वारा लागतो, म्हणून कानटोपी आणि स्वेटर हाताशी ठेवावा.

आईंनी पुढच्या बाजूला बसावे, मोबाईलच्या पडद्याकडे पाहू नये, रिकाम्या पोटी निघू नये आणि तेलकट वड्यांनी पोट भरूही नये. आलेपाकाने पुष्कळांना बरे वाटते. गोळी घ्यायची तर ती डॉक्टरांना विचारून आणि घाट सुरू होण्यापूर्वी निदान अर्धा तास घ्यावी. मात्र गोळीने झोप येते आणि सगळे जंगल झोपेत जाऊ शकते. गवतात उतरायची वेळ आली तर विजारीचे पाय मोज्यांत खोचावेत. गोचीड चावल्यास ती चिमट्याने, त्वचेलगत धरून सरळ ओढून काढावी, बोटांनी चिरडू नये, आणि नंतर काही दिवसांत ताप आला तर डॉक्टरांना जंगलात गेल्याचे आवर्जून सांगावे. दोडामार्ग भागातील, गोचिडीमुळे होणाऱ्या माकडतापाच्या अनुभवानंतर कोकणातल्या डॉक्टरांना ही माहिती महत्त्वाची वाटते.

प्रश्न : सात वर्षांच्या मुलाला न्यावे का? (राजापूर)

उत्तर : न्यावे, पण एका दिवसाच्या सहलीत नव्हे. पहाटे चारला उठवलेले मूल जंगलात पोचेपर्यंत चिडचिडे झालेले असते. आदल्या दिवशी दुपारी निघून आंबा गावात किंवा वारणावतीला मुक्काम करावा, सकाळी त्याला पोटभर खाऊ घालून आत न्यावे. शक्य झाल्यास घरातली दुर्बीण त्याच्या गळ्यात अडकवावी आणि ती त्याच्याकडून कोणी मोठ्याने मागून घेऊ नये.