रुडॉल्फ ह्रुशिन्स्की: काय पाहावं आणि मधली वर्षं कुठे गेली

'द क्रिमेटर'मधला तो गोडबोल्या नट कोण, त्याचं आणखी काय पाहावं आणि सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला तो गायब का, असं तुम्ही विचारलंय. तो चेक नट रुडॉल्फ ह्रुशिन्स्की. शेवटचा प्रश्न आधी घेतो, कारण बाकीचं त्याच्याशी जोडलेलं आहे.

जून १९६८ मध्ये, कम्युनिस्ट चेकोस्लोव्हाकियात सुधारणांचं वारं असताना, प्रागच्या वृत्तपत्रांत लेखक लुडव्हीक वात्सुलीक यांनी लिहिलेला 'दोन हजार शब्द' नावाचा जाहीरनामा आला. सुधारणा पुढे रेटा, असं त्यात लोकांना आवाहन होतं. सही करणाऱ्यांत ह्रुशिन्स्की होता. ऑगस्टमध्ये ते वारं थांबवायला सोव्हिएत रणगाडे आले आणि नव्या राजवटीने सह्या करणाऱ्यांचा हिशेब चुकता केला. सिनेमा आणि टीव्ही त्याला कित्येक वर्षं बंद झाले. राष्ट्रीय रंगभूमीवरचं काम तेवढं चालू राहिलं.

'द क्रिमेटर'ही (१९६९, दिग्दर्शक युराय हेर्त्स) दडपला गेला आणि १९८९ नंतरच मोकळा झाला. त्यातला त्याचा कोप्फ्रकिंगल, म्हणजे प्रेतं जाळणारा स्मशान-कर्मचारी, भयानक वाटतो तो आवाज चढवत नाही म्हणून. प्रेताचे केस विंचरतो, त्याच कंगव्याने स्वतःचे विंचरतो, आणि बोलणं तेच मऊ, लाघवी. हातवारे जवळपास नाहीत. नाटकी खलनायकांची सवय असलेल्या आपल्याला हे पचायला वेळ लागतो. पुन्हा पाहाल तेव्हा त्याच्या बायकोची भूमिका करणाऱ्या व्लास्ता ख्रामोस्तोव्हाकडेही लक्ष द्या. छायाचित्रकार स्तानिस्लाव मिलोता तिचा नवरा, आणि पुढे दोघांच्याही वाट्याला राजवटीचा रोष आला.

आता हाच माणूस १९५६ च्या रंगीत 'श्वेइक'मध्ये पाहा. चेक लेखक हाशेकच्या कादंबरीतला तो सैनिक भोळसट की बेरकी, हे शेवटपर्यंत कळू न देणारा गोल, शांत चेहरा. त्याच्या देशात तो या भूमिकेमुळे घराघरांत पोचला. मला मात्र चित्रपट जरा सपक वाटतो. पाहायचा तो त्याच्यासाठी. त्यापेक्षा यिर्झी मेन्झेलचा 'कॅप्रिशस समर' (१९६८) सरस. नदीकाठच्या स्नानगृहाचा मालक, वय उताराला लागलेलं, गावात डोंबाऱ्यासोबत आलेल्या पोरीकडे पाहून पाघळलेला. काही घडत नाही म्हणून कंटाळू नका, गंमत संवादांच्या लयीत आहे.

बंदी सैल झाल्यावर १९७८ च्या 'अडेला'मध्ये ('अडेला हॅज नॉट हॅड सपर यट') तो आला बीअर आणि खाण्यावर जीव असलेला पोलीस अधिकारी बनून. निव्वळ धमाल. मग मेन्झेलच्याच 'माय स्वीट लिटल व्हिलेज'मधला (१९८५) डॉक्टर: निसर्गावर कविता म्हणत गाडी हाकतो आणि ठोकतो. हा चित्रपट ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला.

राजवट पडल्यावर १९९० मध्ये तो संसदेत निवडून गेला. १९९४ मध्ये वारला.

माझा क्रम: आधी डॉक्टर, मग स्नानगृह, मग पुन्हा 'द क्रिमेटर'. डब केलेली प्रत मिळाली तर घेऊ नका, त्याचं अर्धं काम आवाजात आहे.