दोन प्रवेशांचा बाप

प्रिय मित्रा,
अनेक आशीर्वाद.

पुन्हा बापाचंच काम मिळालं, तेही जेमतेम दोन प्रवेशांचं, म्हणून तू खट्टू झालायस. ऐन पंचविशीत केसांना पांढरी पावडर फासायची, याची चडफड मला समजते. पण दिग्दर्शकाला नकार कळवण्याआधी हुर जिन-हो यांचा ‘ख्रिसमस इन ऑगस्ट’ हा 1998 चा कोरियन चित्रपट बघ आणि त्यात नायकाच्या वडिलांवर नजर ठेव. ते काम शिन गू यांनी केलंय.

नायक फोटो स्टुडिओ चालवतो आणि त्याचे थोडेच दिवस उरलेत. आपल्यामागे वडिलांना व्हिडिओवर कॅसेट लावता यावी, म्हणून तो रिमोट शिकवायला बसतो. वडिलांना काही केल्या जमत नाही. मुलगा पुन्हा सांगतो, ते पुन्हा चुकतात, शेवटी तो चिडून उठून जातो. नंतर एकेक पायरी कागदावर लिहून ठेवतो. त्या प्रसंगात शिन गू डोळ्यांत पाणी आणत नाहीत, मुलाकडे अर्थपूर्ण वगैरे बघत नाहीत. त्यांचं सगळं लक्ष बटणांवर असतं. म्हाताऱ्याला खरंच ते यंत्र समजून घ्यायचंय, आणि म्हणूनच मुलाचा राग आपल्याला सहन होत नाही. वडील तिथे रडले असते, तर प्रसंग त्यांचा झाला असता आणि मुलाचं मरण बाजूला पडलं असतं. समोरच्याचा प्रसंग असा जपणं हे मी अभिनयातलं सर्वांत अवघड काम मानतो.

1936 साली सोलमध्ये जन्मलेला हा माणूस 1962 मध्ये यु ची-जिन यांच्या ‘सो’ या नाटकातून रंगमंचावर आला. पुढे मालिका, चित्रपट, नाटकं, बहुतेक ठिकाणी कुणाचा तरी बाप नाहीतर आजोबा. घटस्फोटाच्या वादांवरच्या एका मालिकेत ते समेट घडवणाऱ्या समितीचे प्रमुख होते. जोडप्याला ‘चार आठवड्यांनी भेटू’ एवढंच सांगायचे, आणि ते वाक्य कोरियात घरोघरी गेलं. 2002 मध्ये एका खेकडा बर्गरच्या जाहिरातीत होडीतून ओरडून त्यांनी विचारलं, ‘तुम्हा पोरांना खेकड्याची चव कळते तरी का?’ तरुण पोरं त्यांची नक्कल करू लागली तेव्हा ते पासष्टीच्या घरात होते. चाळीस वर्षं गंभीर कामं केलेल्या नटाला विनोद असा अचूक साधतो, कारण तो प्रश्नही ते मनापासून विचारतात.

2022 मध्ये त्यांना पेसमेकर बसवावा लागला. तरी डिसेंबर 2023 मध्ये, वयाच्या 87 व्या वर्षी, बेकेटच्या ‘वेटिंग फॉर गोदो’मध्ये ते गोदोची वाट बघणाऱ्या दोघांपैकी एक, एस्ट्रॅगॉन म्हणून उभे राहिले, समोर दुसरा, व्लादिमीर म्हणून नट पार्क गन-ह्यंग. त्या नाटकात संवादाला धरायला गोष्टच नाही. आपलं पुढचं वाक्य समोरच्याच्या वाक्यातून उचलावं लागतं, त्यामुळे कान मिटला की नट अडकलाच. माझ्या मते या वयात त्यांना तारून नेलं ते आयुष्यभर दुय्यम कामांत ऐकत राहण्याच्या सवयीने.

म्हणून काम सोडू नकोस. उद्याच्या तालमीत आवाज म्हातारा करायच्या फंदात पडू नकोस, खोकलाही नको. त्या बापाला नेमकं काय हवंय ते शोध आणि हाताला एखादं खरंखुरं काम दे. मग दुसऱ्या प्रवेशात मुलाचं लांबलचक भाषण चालू असताना तुझे हात काय करत होते, ते मला सविस्तर लिहून कळव.

तुझा,
काका