टेबलावरचं पिस्तूल

प्रश्न : आम्ही कॅलिफोर्नियात असतो. नोकरी गेल्यापासून हे रात्री डायनिंग टेबलावर पिस्तूल पुसत बसतात. परवा म्हणाले, "माझ्यावाचून तुमचं बरं चालेल." तक्रार केली तर यांना आत टाकतील का?

उत्तर : नाही हो ताई, हा फौजदारी खटला नव्हे. तिथे २०१६पासून घरच्यांनाही पिस्तूल काढून घ्यावं म्हणून थेट कोर्टात अर्ज करता येतो, फी लागत नाही. न्यायाधीशांना पटलं तर २१ दिवसांचा तात्पुरता आदेश निघतो आणि पिस्तूल घराबाहेर जातं. मग सुनावणी, तिथे यांचीही बाजू ऐकतात. आदेश कायम झाला तर एक ते पाच वर्षं. अर्जात नुसतं "भीती वाटते" लिहू नका, ते लंगडं पडतं; परवाचं वाक्य तारखेसकट, जसंच्या तसं लिहा. आणि ९८८ला, म्हणजे तिथल्या आत्महत्या रोखणाऱ्या हेल्पलाइनला, फोन आजच करा, अर्ज उद्या.